दार वाळेपर्यंत

ऑक्टोबरात आमच्या अनसिंग गावची हवा कोरडी होते, पण निवळत नाही. शेतात सोयाबीनच्या सुड्या रचलेल्या असतात आणि हडंबे, म्हणजे मळणीयंत्रं, सुरू झालेले असतात. हडंब्याच्या एका तोंडातून दाणा पोत्यात पडतो, दुसऱ्या तोंडातून कुटार उडतं. जड कुटार तिथंच ढिगाला लागतं. हलकं, पिठासारखं जे असतं ते वाऱ्यावर चढून गावात येतं. पुसदकडे जाणाऱ्या रस्त्यानं चालणाऱ्याच्या भुवया पिवळट होतात. तुळशीची पानं, रांजणावरचं झाकण, दोरीवरचे कपडे, सगळ्यांवर एक खाजरा थर बसतो.

आणि नेमक्या याच दिवसांत आमच्या घरी दाराला तेल लावायची रीत.

दार सागवानी आहे, दोन कवाडांचं. पुसदच्या बाजूच्या डोंगरांतलं लाकूड, आजोबांनी बैलगाडीतून आणवलेलं. चौकट माझ्या दोन्ही पंज्यांत मावणार नाही इतकी रुंद. कवाडांवर पितळी फुल्या, आतून आगळ. दर दिवाळीआधी आठवडाभर आजोबा ते पाण्यानं पुसून घेत, दोन दिवस उन्हं खाऊ देत आणि मग जुन्या धोतराच्या चिंधीनं त्याला जवसाचं तेल पाजत. ‘लावत’ असं आमच्याकडे कुणी म्हणत नसे. दाराला तेल पाजायचं असे. तेल पिऊन झालं की वरचं जास्तीचं पुसून घ्यायचं आणि दार उघडं टाकून ओसरीतच झोपायचं, कारण ओल्या तेलाच्या दाराला दोन रात्री कडी लावायची नाही.

मी दहावीत असताना एका वर्षी संध्याकाळी तेल झालं आणि रात्री वारा फिरला. शेजारच्या वावरात हडंबा पहाटेपर्यंत चालला. सकाळी पाहिलं तर दोन्ही कवाडं बेसनात घोळल्यासारखी. मी पुसायला गेलो तर कुटार निघेना, तेलात रुतत गेलं. आजी ओट्यावर बसून पाहत होती. ती म्हणाली, “दाराले हळद लागली बाप्पा.” मग आम्ही सगळे मिळून ते दार पॉलिश पेपरनं घासत बसलो आणि दिवाळीच्या पहिल्या आंघोळीपर्यंत ते अर्धंच झालं होतं.

पुढं बरीच वर्षं मला तो वाऱ्याचा दोष वाटत होता. नंतर लक्षात आलं की वारा बदलला नव्हता, पीक बदललं होतं. दाराला तेल पाजायचा मुहूर्त कापूस-ज्वारीच्या काळातला. तेव्हा दिवाळीआधी शेतात मळणी नसायची. ज्वारीचं खळं पुढं थंडीत लागायचं. आश्विनातली हवा धुतल्यासारखी असायची आणि जवसाचं तेल सावकाश, निवांत वाळायचं. सोयाबीन आलं आणि मळणी नेमकी त्या आठवड्यात येऊन बसली. रीत तशीच राहिली, तिच्या भोवतीची हवा मात्र गेली. जवसाचंही तेच. आजोबांच्या वेळी हरभऱ्याच्या कडेनं जवसाचे निळे तास असत, घाणीवर तेल निघे. आता जवस दिसलं तर पाव्हणा आल्यासारखं वाटतं. नागपूरच्या कृषी महाविद्यालयात जवसाच्या नव्या जातींवर अजून काम चालतं, पण आमच्या शिवारातले तास गेले ते गेले. तेल डब्यातून येऊ लागलं, वाशिमच्या दुकानातून, आणि त्याचं नाव झालं बेलतेल.

बेलतेल म्हणजे उकळलेलं जवसाचं तेल. मराठी मुलांना ते बॅटमुळं माहीत असतं. नव्या बॅटला बेलतेल लावून आडवी ठेवायची, हे आम्हीही केलं. कच्चं जवसाचं तेल वाळायला आठवडा घेतं, बेलतेल एक-दोन दिवसांत हाताला लागेनासं होतं. ते लवकर वाळतं कारण त्यात धातूंचे क्षार घातलेले असतात, कोबाल्टचे, मँगनीजचे. पूर्वी उकळताना मुर्दाडशिंग टाकत आणि मुर्दाडशिंग म्हणजे शिसंच. जुन्या रीतीचं ते सगळं निर्मळ होतं असं म्हणताना मला म्हणूनच अडखळायला होतं. घरगुती रंगांतल्या शिशावर आपल्याकडे २०१६ च्या नियमांनी मर्यादा आली, दहा लाख भागांत ९० भाग. त्याआधीच्या कितीतरी दारांवर, खिडक्यांच्या गजांवर काय बसलंय ते लेकरं नखांनी खरवडत आली आहेत.

वाळणं या शब्दाविषयी थोडं सांगायला हवं, कारण सगळा प्रश्न त्याच्याशी आहे. कपडा वाळतो तेव्हा पाणी उडून जातं. जवसाचं तेल तसं वाळत नाही. त्यातून फारसं काही उडत नाही, उलट ते हवेतला प्राणवायू घेतं, त्याचे कण एकमेकांना धरतात आणि हळूहळू त्याचा घट्ट पापुद्रा होतो. वाळलेल्या तेलाचं वजन ओल्या तेलापेक्षा जास्त भरतं. हे पहिल्यांदा कळलं तेव्हा मी आजोबांच्या शब्दाकडे परत गेलो. दार तेल पितं ते खरंच होतं, आणि तेल हवा पितं हेही खरं होतं. जवसात अर्ध्याहून जास्त भाग लिनोलेनिक आम्लाचा असतो, त्याच्यामुळं हे घडतं. करडईचं तेल अर्धवट वाळतं. खोबरेल जन्मभर ओलंच राहतं, म्हणून डोक्याला चालतं आणि दाराला चालत नाही.

पण हवा पिताना तेल तापतं. दारावर ती ऊब जाणवतही नाही, सगळीकडून निघून जाते. चिंध्या बोळा करून कोपऱ्यात टाकल्या तर ती आतच कोंडते. आमच्याकडे एका दुपारी असाच बोळा गोठ्याच्या कोपऱ्यात टाकला होता. जवळ ना चूल, ना विडी. तिसऱ्या प्रहरी धूर आला. बाजूची कुटाराची गोणी पेटायच्या आत बाबांनी घागर ओतली म्हणून निभावलं. त्या दिवशी कुणालाच पटलं नाही की चिंधी आपोआप पेटली. शेजारच्या एका माणसावर संशय गेला आणि दोन घरांचं बोलणं काही महिने बंद राहिलं. मला आता त्या माणसाची क्षमा मागावीशी वाटते, पण तो राहिला नाही. अमेरिकेत फिलाडेल्फियाला १९९१ च्या फेब्रुवारीत एक ३८ मजली इमारत अशाच चिंध्यांनी पेटली. बाविसाव्या मजल्यावर लाकडी तक्तपोशीला तेल लावून कामगार गेले, चिंध्या राहिल्या. तीन अग्निशामक जवान त्यात गेले. आपल्या लाक्षागृहाला भीमाची मशाल लागली, इथं तीही लागली नाही. जवसाच्या तेलाची चिंधी एकतर एकेरी पसरून उन्हात वाळवावी, नाहीतर पाण्याच्या बादलीत बुडवावी. एवढं जरी गावोगाव कळलं तरी खूप झालं.

तेलाला कंटाळून लोक मग जिकडं गेले त्या वाटेबद्दल मला जास्त बोलायचं आहे, कारण ती वाट चुकली असं माझं मत आहे.

बहिणीच्या लग्नात आंदणाला दिवाण आणि कपाट केलं. गावातलेच मिस्त्री, तीन पिढ्यांची ओळख. रंधा त्यांच्या हातात गेला की लाकडाची साल कांद्याच्या पापुद्र्यासारखी निघायची. तेल नको, चकचकीत पाहिजे, असं पाव्हण्यांकडून आलं होतं. मग मेलामाइन ठरलं. सीलरचे हात, वरून मेलामाइनचे हात, आणि प्रत्येकात थिनर. ते झरझर वाळतं, त्याच दिवशी दुसरा हात घेता येतो, दुसऱ्या दिवशी सामान गाडीत चढतं. लग्नघरात याहून काय हवं. पण पुन्हा तेच, हंगामाची धूळ. ओल्या पॉलिशवर धूळ बसू नये म्हणून मिस्त्रींनी खोलीची खिडकी लावून घेतली, दाराच्या फटीत पोतं कोंबलं आणि आत एकटे काम करत राहिले. नाकावर दुपट्टा. त्या वासानं आमचे डोळे अंगणात चुरचुरत होते, ते आत चार तास होते.

बाहेर आले तेव्हा ओट्याच्या खांबाला धरून उभे राहिले. आईनं चहा आणि गुळाचा खडा दिला. गूळ खाल्ला की छातीतलं निघून जातं, अशी आपल्याकडे समजूत आहे. आम्ही मनापासून दिला आणि त्यांनी मनापासून खाल्ला. पण थिनर म्हणजे टोल्युईन, झायलीन आणि तशीच उडणारी द्रव्यं. ती श्वासातून रक्तात जातात, गुळाच्या वाटेवर ती भेटतच नाहीत. दुपट्टा धूळ अडवतो, वाफ अडवत नाही. मेलामाइन घट्ट होताना त्यातून फॉर्माल्डिहाइड निघतो. लिऑनच्या आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेनं तो २००४ साली माणसाला कर्करोग करणाऱ्या द्रव्यांच्या यादीत घातला. शहरात याच्याही वरचं म्हणून दोन डब्यांचं पीयू, म्हणजे पॉलियुरेथेन, मारतात. त्याच्या दुसऱ्या डब्यात आयसोसायनेट असतं. भोपाळला डिसेंबर १९८४ मध्ये जो वायू सुटला त्याच कुळातलं, तेवढं जहाल नव्हे, पण फवारा मारणाऱ्याला कायमचा दमा देऊ शकेल इतकं खरं.

कपाट सुरेख झालं. पाव्हण्यांनी त्यात तोंड पाहिलं.

मिस्त्रींचा खोकला त्या एका लग्नाचा नव्हता. अशी कितीतरी लग्नं त्यांच्या छातीत साठलेली होती. काही वर्षांनी त्यांना ओसरीची तीन पायऱ्यांची चढण थांबून थांबून चढताना पाहिलं. वाशिमच्या डॉक्टरांनी पॉलिशचं काम सोडायला सांगितलं होतं. मी तेव्हा शाळेत शिकवायला लागलो होतो, मुलांना श्वसनसंस्थेचा धडा शिकवत होतो, फळ्यावर फुप्फुसं काढत होतो, आणि आपल्या बहिणीच्या कपाटाची किंमत ठरवताना त्यात एका माणसाचा श्वास धरायचा राहिला हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. त्या घरात कुणीच त्यांना विचारलं नव्हतं की हा वास सोसतो का.

परदेशात या वाफांवर बंधनं आली ती बाहेरच्या हवेसाठी. लॉस एंजलिसच्या धुरक्यात मोटारींबरोबर रंग-रोगणाच्या द्रावकांचाही वाटा आहे हे लक्षात आल्यावर तिथं १९६६ साली त्यांच्यावर नियम झाला. युरोपीय संघानं २००४ साली घरगुती रंगांसाठी मर्यादा घालून दिल्या. त्या मर्यादांत बसायचं म्हणून कारखान्यांनी पाण्यावरची रोगणं सुधारत नेली. पहिली पहिली दुधाळ दिसत, लवकर ओरखडत. पुढची चांगली झाली. धुरक्यासाठी केलेल्या नियमाचा लाभ असा फिरून मिस्त्रींच्या घरापर्यंत यायला अर्धं शतक लागलं.

तो आला त्यांच्या मुलाबरोबर. माझा विद्यार्थी. दहावीनंतर पुण्याला गेला, फर्निचरच्या कामावर राहिला, आणि वडिलांची तब्येत उतरली तेव्हा परत आला. एका दिवाळीआधी तो आमच्या ओसरीत डबा घेऊन उभा राहिला. “सर, यावर्षी तेल राहू द्या. हे पाण्यावरचं पीयू आहे. वास घेऊन पाहा.” मी झाकण उघडून नाक जवळ नेलं. वास होता, नव्या वहीच्या पुठ्ठ्यासारखा, सौम्य. डबा तेलाच्या जवळपास दुप्पट भावाचा होता. आत द्रव दुधासारखा पांढरा. आई म्हणाली, “हे दाराले पांढरं करते का?” तो म्हणाला, “वाळलं का काचेवानी होते, काकू.”

आम्ही आधी मिस्त्रींच्या घरी एका फळीवर करून पाहिलं, आणि फसलो. मी हे मुद्दाम सांगतो, कारण दुकानात कुणी सांगत नाही. फळी त्याच दाराच्या जुन्या आडोशाची, तेल प्यालेली. ब्रश फिरवला तसा द्रव आखडला, मधे मधे डोळे पडले, जसे तेलकट ताटावर पाण्याचे थेंब जमतात. वाळल्यावर नखानं पापुद्रा उचलून आला. साहजिक होतं. पन्नास-साठ वर्षं ज्या लाकडानं तेल पिलं, ते पाण्याला एका दिवसात कसं जवळ घेईल?

तोडगा आतल्या खोलीतून आला. मिस्त्री खाटेवर बसून सगळं ऐकत होते. ते मुलाला म्हणाले, “अरे, मधात चपडा घे ना. चपड्याले कोनाचंच वावडं नसते.”

चपडा म्हणजे लाख. पळस, बोर, कुसुम यांच्या कोवळ्या फांद्यांवर एक बारीक किडा वस्ती करतो आणि आपल्याभोवती राळ सोडतो. ती खरवडून, धुऊन, वितळवून पातळ पत्रे ओढतात, मधाच्या रंगाचे, फुटक्या काचेसारखे कडकड मोडणारे. अनसिंगच्या चारी बाजूंना पळस आहे, फाल्गुनात बांध पेटल्यासारखे दिसतात. लाखेचं उत्पन्न मात्र आमच्याकडे नाही, ते पूर्वेकडं, गोंदियाच्या बाजूला आणि पुढं छत्तीसगड-झारखंडात. रांचीजवळ नामकुमला १९२४ पासून लाखेवर संशोधन करणारी संस्था आहे. सावंतवाडीच्या खेळण्यांवरची झळाळी लाखेची. जुन्या ग्रामोफोनच्या ७८ फेऱ्यांच्या तबकड्या लाखेच्या. अबुल फजलच्या ‘आइन-ए-अकबरी’त लाखेच्या रोगणाची नोंद आहे. आणि लाख स्पिरिटमध्ये विरघळवून मलमलीच्या फडक्यानं फिरवली तर पाच-दहा मिनिटांत वाळते. लवकर वाळणारं रोगण ही कालची कारखान्यातली गोष्ट आहे असं मी समजत होतो. ती आपल्या पळसावर केव्हाची बसलेली होती. तेल की रसायन असा झगडा आपण मांडतो तेव्हा ही तिसरी, घरचीच वस्तू आपण विसरतो.

मिस्त्रींनी खाटेवरूनच काम चालवलं. चपडा काचेच्या बरणीत स्पिरिटमध्ये भिजत घातला. दुसऱ्या दिवशी तो विरघळला, गढूळ, उसाच्या रसासारखा. “हालवू नका,” ते म्हणाले. बरणी खिडकीत ठेवली. चार-पाच दिवसांत खाली मेणाचा पांढरट साका बसला आणि वर स्वच्छ, तांबूस सोनेरी पाणी राहिलं. लाखेत थोडं मेण असतं, ते राहिलं तर पाण्यावरचं पीयू त्यावर धरत नाही. तो वरचा निवळ अलगद दुसऱ्या बरणीत घेतला. सकाळच्या उन्हात ती बरणी धरली तेव्हा आईनं नुसतं “अगंबाई” म्हटलं.

मग दार. आधी जुन्या तेलाचे थर खरवडले. आजोबांच्या हातचा सर्वांत खालचा थर काळाकुट्ट होता आणि त्याखालून सागाची सोनेरी शीर वर आली तेव्हा मला क्षणभर थांबावं वाटलं. ऐंशी नंबरचा पेपर, मग एकशेवीस, मग एकशेऐंशी. स्पिरिटच्या फडक्यानं पुसणी. लाखेचा एक पातळ हात, आणि शिरेला रंग चढला, तोच रंग जो तेल पाजल्यावर चढायचा, जवळजवळ तोच. चहा पिऊन होईपर्यंत वाळला. मग पाण्यावरच्या पीयूचा पहिला हात. त्यानं काही ठिकाणी लाकडाचे बारीक रेषे उभे राहिले, गालावर दोन दिवसांची दाढी लागावी तसे. ते वाळल्यावर हलक्या हातानं पेपर मारून बसवले. लोखंडी जाळी घासायला घ्यायची नाही, तिचा कण अडकला तर पाण्यानं गंजतो आणि काळा ठिपका कायमचा राहतो. मग दुसरा हात, मग तिसरा. सकाळी सातला सुरू केलं, कारण उन्हाचा कडाका झाला तर ते ब्रशखालीच वाळायला लागतं. दुपारी तीनपर्यंत तीनही हात झाले. तिन्ही वेळा ओसरीचं दार, खिडक्या, सगळं सताड उघडं होतं.

चार वाजता शेजारच्या वावरात हडंबा सुरू झाला. कुटार आलं, दारावर बसलं. मी हाताच्या पंज्यानं झटकलं आणि ते खाली पडलं. मी ते पुन्हा पुन्हा केलं.

तेलाला मी वाईट म्हणत नाही. वखराच्या आणि कुदळीच्या दांड्याला अजून तेलच लावतो, कारण पापुद्र्याचं रोगण घामाच्या हाताला फोड आणतं आणि तेल प्यालेला दांडा हातात मुरतो. तेलाचं दार कुठं ओरखडलं तर तेवढ्याच जागी चिंधी फिरवता येते. पाण्यावरच्या रोगणाचा पापुद्रा एकदा उचलला की सगळा तक्ता घासावा लागतो. पाण्यावरचं आहे म्हणून ते पाणी नव्हे. तो शेवटी एक प्रकारचा प्लास्टिकचा थर आहे, घासताना त्याची भुकटी उडते, ती नाकात जाऊ द्यायची नाही. ब्रश धुतलेलं पाणी नालीत सोडायचं नाही, डब्यात वाळवून टाकायचं. पूर्ण कडक व्हायला त्याला आठवडा-दोन आठवडे लागतात, तोवर दारावर तोरणाचे खिळे ठोकू नयेत. आणि वाळवीसाठी म्हणून ट्रॅक्टरचं जळकं ऑइल लाकडाला फासायची जी पद्धत आमच्याकडे आहे, तिला मी तेलाची परंपरा म्हणणार नाही. ती घाण आहे आणि ती चौकटीतून आपल्या हाताला लागते.

एक गोष्ट मात्र गेली, वास. जवसाच्या तेलाचा तो भाजल्या बदामासारखा, किंचित कडवट वास म्हणजे आमच्या घरी दिवाळीची वर्दी असायची. आईला तो पहिल्या वर्षी फार आठवला. ती म्हणाली, दार कोरडं वाटतंय, मुकं वाटतंय. मला उत्तर सुचलं नाही, कारण मलाही तसंच वाटत होतं. आजोबांचा हात त्या दारावर तेलातूनच फिरला होता. मी बराच काळ समजत होतो की तेल सोडलं तर तो हात सोडला. पण खरवडताना मी आठ दिवस त्या दारासमोर बसलो. कुठं जुनी भेग लांबीनं बुजवली आहे, कुठल्या फुलीचा खिळा बदलला आहे, खालच्या फळीला बैलानं शिंग मारल्याची खूण कुठं आहे, ते मला त्या आठ दिवसांत कळलं. आजोबांना ते माहीत असणार, कारण ते दरवर्षी असेच बसत. माझ्या वडिलांनी बेलतेलाचा डबा आणून अर्ध्या तासात उरकायला सुरुवात केली तेव्हाच ते बसणं थांबलं होतं, आणि तेल तर तेव्हाही जवसाचंच होतं.

या गोष्टीला आता तिसरी दिवाळी आली. दाराला या वर्षी काही लावावं लागलं नाही, ओल्या फडक्यानं पुसलं की झालं. चौकटीच्या उजव्या खांबाला, जिथं सगळे जण चप्पल काढताना हात टेकतात, तिथं थोडा घास पडलाय, तेवढा पुढच्या वर्षी घेऊ. मिस्त्रींचा मुलगा आता गावात आणि आसपास हेच काम करतो. काही लोक भाव ऐकून परत थिनरच्या पॉलिशकडे जातात, तेव्हा तो तेही काम घेतो, घर चालवायचं असतं. पण घराची खिडकी लावून घेत नाही आणि धुळीच्या दिवसांत ते काम पुढं ढकलतो. वाफ शोषणारी नळकांडी लावलेला मुखवटा त्यानं स्वतःच्या पैशानं आणलाय. मिस्त्री पायऱ्या सावकाश चढून येतात, दारावर हात फिरवतात, ओट्यावर बसतात. परवा म्हणाले, “माह्या टायमाले हे असतं तं.” पुढं बोलले नाहीत.

तुमच्या घरी लग्न असेल, नवं कपाट येणार असेल, दिवाळीआधी दार करायचं असेल, तर रंग निवडताना आणि भाव करताना मिस्त्रींना समोर बसवा आणि आधी एवढं विचारा, की हा वास तुम्हाला सोसतो का. ते ‘चालते’ म्हणतील. तरी पुन्हा विचारा.